ओबुराचं फळ कुणी उकरलं?

१

रविवारी चर्च सुटलं, आम्ही घरांकडे वळलो, आणि मिडिवोच्या बायकोनं अशी किंकाळी फोडली की सरोवरातल्या होडीवाल्यांनीही वल्ही थांबवली असतील. तिच्या थोरल्या दिराची, ओबुराची, कबर उघडी पडली होती.

कबरीत ओबुरा नव्हताच म्हणा. दहा दिवसांपूर्वी, गुरुवारी सकाळी, त्याची होडी पाण्यात पालथी सापडली. जाळं तिलाच गुंतलेलं, माणसाचा पत्ता नाही. ज्याचं मढं सरोवर परत देत नाही, त्याच्या नावानं आम्ही यागोच्या झाडाचं फळ पुरतो. हातभर लांब, सहा-सात किलोंचं फळ. कापडात गुंडाळलं की तान्ह्या पोरासारखं दिसतं. एकदा ते मातीआड गेलं की माणूस मेला. मग त्याचं भूत किनाऱ्यावर हिंडत नाही आणि मागच्यांचा घोळही मिटतो.

तेच फळ आता गायब होतं.

"आकेयो!" मिडिवो ओरडला. "तिनंच केलंय हे. सगळा गाव चर्चमध्ये, ती एकटी घरी!"

आकेयो म्हणजे ओबुराची बायको. होडी बुडाली तेव्हा ती किसुमू शहरात होती, आणि ती परतायच्या आत यांनी फळ पुरून टाकलं. बुधवारी आली, कबर बघितली आणि म्हणाली, "मढं दाखवा, मग डोकं भादरते." तेव्हापासून ती कुळाच्या डोळ्यांत सलत होती.

ती आपल्या दारातून शांतपणे चालत आली. खड्ड्यात डोकावली. म्हणाली, "भाऊजी, नवरा मेलाय हे मी कबूल केलेलं नाही. मग त्याची कबर मी कशाला उकरू?"

"उचलली जीभ लावली टाळ्याला!" मिडिवो खेकसला.

कुळाचा म्हातारा गुंबेबाबा काठी आपटत पुढं आला. "उद्या दुपारी कुळ बसेल. कबर उकरणाऱ्याला या मातीत जागा नाही. आकेयोनं उकरली असेल, तर ती तिचं स्टूल आणि तिचं मडकं घेऊन माहेरी जाईल. घर, जमीन, झाड सगळं मिडिवोचं."

"बसा की," आकेयो म्हणाली. "मीही येते."

मी दोर्सिला. तीस वर्षं सरकारी दवाखान्याच्या खिडकीतून औषधं दिली. कोण कशापायी खोटं बोलतं ते मला गोळ्या मोजता मोजता कळायचं. निवृत्त झाल्यापासून आमच्या कोबिलात कोंबडी हरवली तरी लोक माझ्याकडे येतात. त्या दिवशी कुणी आलं नाही. मीच पुढं घुसले. झाड मिडिवोकडे गेलं की आठ दिवसांत, त्याच्या सालीमुळांवर टपलेल्या मलमवाल्या कंपनीच्या करवतीखाली जाणार, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. आकेयोची सोळा वर्षं त्या झाडाखाली औषधं करण्यात गेली होती. माझ्या हातात जेमतेम एक दिवस होता.

२

गुडघे कुरकुरले, तरी मी खड्ड्याच्या काठाशी बसले.

माती सगळी एका बाजूला, नीट रचलेली. चोर घाईत उकरतो तेव्हा माती चौफेर उडते. इथं कुणीतरी सावकाश, जपून खणलं होतं, फावड्याचा घाव फळाला लागू नये म्हणून शेवटची माती हातानं काढली होती. बोटांचे ओरखडे दिसत होते. मी आणखी वाकले आणि नाकात कडू वास शिरला. खड्ड्याच्या तळाशी ओला पाला पडलेला.

मन्यासी! कबरीला, मढ्याला हात लागला की शाप बाधू नये म्हणून आम्ही ज्या पाल्याच्या पाण्यानं अंग धुतो, ते. चोरी करून वर स्वतःला शुद्ध करून घेणारा हा कसला देवभोळा चोर?

माझ्या मागं गलका वाढला होता. मिडिवोनं आकेयोचा हात धरून वर केला. "बघा! कोपरापर्यंत माती!"

खरंच तिचे हात लालसर काळे होते. मी उठले, शेजारच्या घरातून साबण मागवला आणि सगळ्यांसमोर तिचे हात खसाखसा धुतले. रंग तसूभर हलला नाही.

"माती धुतली की जाते," मी म्हणाले. "हा रंग आठ दिवस जायचा नाही. किसुमूच्या वाण्यांच्या बायका लग्नात हातांना मेंदी लावतात, पाहिलीय ना? तिचा रंग ज्या जातीच्या द्रव्याचा, त्याच जातीचं द्रव्य यागोच्या फळात असतं. फळ उकळलं की असे हात होतात. आकेयो औषध करत होती. कबर उकरत नव्हती."

मी मोठ्या तोऱ्यात सगळ्यांकडे बघितलं. मिडिवो आधी गोंधळला, मग त्याच्या चेहऱ्यावर हसू पसरलं.

"म्हणजे ती आज सकाळी यागो उकळत होती. आजी, तुम्हीच सांगितलंत. ऐकलंत ना बाबा? माझ्या भावाचं फळ उकरलं आणि शिजवलं!"

बायकांनी तोंडावर हात ठेवले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. वाचवायला गेले आणि तिच्या गळ्यातला फास मीच आवळला.

३

"आजी, तुमच्या मदतीपेक्षा मिडिवोचं वैर बरं," आकेयो चुलीवरचं मडकं उतरवत म्हणाली.

"बोल, बोल. मी ऐकून घेणार आहे आज."

कोपऱ्यात पेरेस म्हातारी पायाची जखम उघडी टाकून बसली होती. सकाळपासून ती इथंच होती, पण तिला डोळ्यांनी दिसत नाही, त्यामुळं तिची साक्ष कोण धरणार? तिच्या नडगीवरची जखम मी दवाखान्यात चार वर्षं बांधली होती. भरली नव्हती. आकेयोनं दोन महिन्यांत कड्यांनी गुलाबी कातडी आणली होती.

खरं सांगते, मी या बाईला पूर्वी खूप हिणवलंय. "झाडपाल्यावाली" म्हणायचे. कच्चं यागो पोटात गेलं तर वांती-जुलाबानं माणूस आडवा होतो, कातडीला लागलं तर फोड उठतात. असं फळ जखमेवर? पण आकेयो ते चकत्या करून वाळवते, भाजते, कुटते, उकळून आटवते, मग गाईच्या तुपात खलते. खोडाची साल पोटदुखीला, मूळ आणखी कशाला. किती दिवस वाळवायचं, किती भाजायचं, सगळं तिच्या आजीकडून आलेलं आणि तिनं स्वतः पारखून तीन वह्यांत लिहिलेलं. शेवटी मीच हट्टानं तिला मलम घेऊन किसुमूच्या विद्यापीठात पाठवलं. तिथल्या मुलींनी काचेच्या थाळीत जंतू वाढवले आणि मधोमध मलमाच्या अर्काची टिकली ठेवली. टिकलीभोवती सगळे जंतू मेले. कच्च्या फळाच्या अर्कानं चांगल्या पेशीही मेल्या, भाजलेल्यानं नाही. आकेयोची आजी शाळेत गेली नव्हती, पण हे तिला ठाऊक होतं. तो अहवाल आणायला आकेयो गेली आणि इकडे तिला विधवा करून टाकलं.

"वह्या काढ," मी म्हणाले. "आज कुठलं फळ उकळलंस, कधी तोडलंस, लिहिलं असशीलच. तेच दाखवू बैठकीत."

"वह्या नाहीत."

"म्हणजे?"

"बुधवारी आले तेव्हापासून नाहीत. वाटलं, मिडिवोनं लपवल्या." ती फळीकडे वळली. "आणि हे काल कळलं. मलमाचे दोन मोठे डबे होते इथं. ओबुराच्या पायाला नायटा आहे, त्याच्यासाठी वेगळे ठेवलेले. तेही नाहीत."

"होडीवर नेले असतील त्यानं."

"होडीवर?" ती हसली. "तो होडीवर मलम लावायचाच नाही. हाताला वास लागला की मासा जाळ्याकडे फिरकत नाही म्हणायचा. सोळा वर्षांत कधी नेलं नाही. आणि दोन डबे म्हणजे चार महिन्यांचं औषध, आजी."

चार महिन्यांचं औषध. एका रात्रीच्या मासेमारीला. माझ्या हातातला चहा निवत गेला.

४

सोमवारी सकाळी मी सिल्वानुसला धक्क्यावरच्या चहाच्या टपरीत गाठलं. हा मलमवाल्या कंपनीचा माणूस. चकचकीत बूट घालून चिखलात येतो आणि मग दिवसभर ते पुसत बसतो. त्याच्यासमोर मंदाझींची, तळलेल्या गोड पावांची, बशी होती. मी न विचारता एक उचलला.

"फळ तू नेलंस का रे?"

त्याला ठसकाच लागला. "आजी! मला एक फळ काय करायचंय? झाडावर पन्नास लटकलीत. कंपनीला झाड हवंय, कृती हवीय. तुमची ती पुरायबिरायची भानगड मला नको."

"आकेयो कृती देणार नाही."

"तिनं नाही दिली तर..." तो बूट पुसायला लागला. "मालक म्हणजे शेवटी घरचा पुरुष. ओबुरा म्हणतो, कृती काही एवढी अवघड नाही, वह्यांत सगळं..." तो थबकला. "म्हणायचा. ओबुरा म्हणायचा."

"हो ना," मी म्हणाले. "बिचारा."

"बिचारा," तो म्हणाला आणि बशी माझ्याकडे सरकवली. फुकटात मंदाझी देणारा माणूस नव्हे तो.

टपरीवालीनं तेवढ्यात मला हटकलं. "आजी, मिडिवोच्या बायकोचा मलेरिया उतरला का?"

"तिला मलेरिया?"

"शुक्रवारी मिडिवो गोळ्या शोधत आला होता ना. म्हणाला, बायको तापानं फणफणलीय. माझ्याकडे नव्हत्या, त्याला दवाखान्यात पाठवला."

शनिवारी तीच बायको डोक्यावर पाण्याचं पिंप घेऊन माझ्या दारावरून गेली होती. आणि रविवारी फोडलेली किंकाळी मी स्वतः ऐकली होती. तापातून उठलेल्या बाईच्या छातीत एवढा दम नसतो. गोळ्या घेतल्या कुणी मग?

५

मन्यासीचं पाणी कोबिलात एकच माणूस करतो, गुंबेबाबा. म्हणजे जो दुपारी न्याय करणार, त्याच्याच दारातून चोर गेला होता. हे त्याच्या तोंडावर म्हणायला मला काही भीती वाटली नाही.

"बाबा, गेल्या आठवड्यात मन्यासी कुणी नेलं?"

"तुला काय करायचंय? तू गोळ्यावाली."

"नेलं की नाही?"

म्हाताऱ्यानं काठी दोनदा फिरवली. "मिडिवोनं. शनिवारी. त्यात वावगं काय? भावाला पुरलंय त्यानं. गेल्या सोमवारी फळ त्यानंच उतरवलं कबरीत."

"सोमवारी पुरलं आणि शनिवारी शुद्ध व्हायला आठवलं? पुरल्या दिवशी तुम्ही सगळ्यांनाच पाणी दिलंत की. माझ्या अंगावरही शिंपडलंत, माझा चांगला ब्लाऊज खराब केलात."

"हूं." म्हाताऱ्याच्या कपाळाला आठ्या पडल्या. तो लबाड नाही, हट्टी आहे. "शिवाय... दोघांपुरतं मागितलं त्यानं."

"दोघं कोण?"

"मी विचारलं नाही. वाटलं, तो आणि बायको."

"बायकोनं कबरीला हात लावला?"

मी उठले तेव्हा त्यानं मागून हाक मारली, "दोर्सिला, काय शिजतंय तुझ्या डोक्यात?"

"एकच प्रश्न आहे, बाबा. आकेयोला घालवायचंच होतं, तर कबर नुसती उघडी टाकली तरी भागलं असतं. दिवसाढवळ्या सात किलोंचं फळ उचलून न्यायची तसदी कशाला?"

मी उत्तर सांगितलं नाही. नाक दाबल्याशिवाय तोंड उघडत नाही, आणि ज्याचं नाक दाबायचं होतं तो अजून समोर यायचा होता.

६

दुपारी कुळ यागोच्या झाडाखालीच बसलं. डोक्यावर फळं लोंबत होती, शेजारी तो उघडा खड्डा. मिडिवोची जाळी ठेवायची झोपडी तिथून हाकेच्या अंतरावर. सिल्वानुसही आला होता, कडेला उभा, बूट झाडत. आकेयो बायकांत बसली नाही. तिनं आपलं स्टूल आणलं आणि पुरुषांच्या समोर मांडलं. कुजबुज झाली. ती उठली नाही.

मिडिवो तासभर बोलला. भावाचं प्रेम, वहिनीचा उद्दामपणा, शिजवलेलं फळ. मध्येमध्ये डोळे पुसत होता.

"झालं?" मी विचारलं. "मग मी बोलते. चोर कुणी का असेना, आधी ओबुराचा विचार करा. बिचाऱ्याचं फळ गेलं. भूत मोकळं झालं. आज दिवस मावळायच्या आत दुसरं यागो तोडून पुरायला हवं. आणि या वेळी छातीएवढं खोल. वर ती चुन्याची शिळा टाकू, दहा माणसांनाही हलणार नाही अशी. बरोबर ना, बाबा?"

"बरोबर," गुंबेबाबा म्हणाला. "रीतीनं बरोबर आहे."

"मिडिवो, चढ झाडावर. भाऊ तुझा. कर पुण्य."

मिडिवो जागचा हलला नाही. "कशाला... एकदा पुरलंय की. पुन्हा पुन्हा कशाला?"

"अरे, परवापर्यंत पुरायची केवढी घाई होती तुला! बायको यायची वाट बघितली नाहीस!"

"माझं म्हणणं, घाई नको..."

"मी चढते मग," आकेयो म्हणाली आणि कमरेला पदर खोचून उठली. तिला माझा डाव मी सांगितला नव्हता. पण ती माझ्याकडे एकदा बघून तडक झाडाकडे निघाली. कोयता घेतला. पहिल्या फांदीवर पाय ठेवला.

"वहिनी, नको!" मिडिवो धावला. "नको! मरेल तो!"

आकेयोनं फांदीवरूनच मागं वळून बघितलं.

"कोण मरेल?" गुंबेबाबानं हळूच विचारलं.

मिडिवोनं जाळ्यांच्या झोपडीकडे चोरटी नजर टाकली.

"मी सांगते," मी म्हणाले. "रात्रभर मी एकच विचार करत होते, ते फळ मातीत असल्यानं कुणाचं काय बिघडतं? आकेयोचं नाही. तिच्या लेखी नवरा जिवंत, मग फळ मातीत असो नाहीतर झाडावर. सिल्वानुसचं नाही. तो मानतच नाही. मिडिवोला तर ते फळ मातीतच हवं होतं, त्याच्या जोरावर विधवेला पदरात घेऊन झाड लाटायचं होतं. यागो मातीत असण्याची भीती अख्ख्या दुनियेत एकाच माणसाला वाटेल. ज्याच्या नावानं ते पुरलंय, आणि जो मेलेला नाही, त्याला!"

बायकांतून "आँ!" असा आवाज उठला.

"चार महिन्यांचं नायट्याचं मलम घेऊन बुडणारा माणूस मी पाहिला नाही. वह्याही त्याच्याबरोबर बुडाल्या. बायको किसुमूला गेल्यावर त्यानं होडी पालथी केली, आणि भावाच्या होडीतून त्या ओसाड लव्हाळ्यांच्या बेटावर जाऊन बसला. नुसता पळाला असता तर आकेयोनं वह्यांसाठी किसुमूपर्यंत पाठ सोडली नसती. मेलेल्याची पाठ कोण धरतं? कृती त्याची, झाड भावाचं, दोन्ही कंपनीला. सिल्वानुस, बूट पुरे झाले, मान हलव. हो की नाही?"

सिल्वानुसनं मान हलवली नाही, पण खालीही घातली.

"सगळं नीट चाललं होतं. पण शुक्रवारी साहेबांना ताप भरला. बेटावर आठ-नऊ रात्री डासांत काढल्यावर भरणारच. मलेरिया होता तो! मिडिवो गोळ्या शोधत फिरला. पण ओबुराला वाटलं, फळ ओढतंय त्याला. आपलंच थडगं आपल्याला खाली खेचतंय. रडला असेल भावापुढं, काढ रे ते, मी मरतोय. मग मन्यासी, दोघांपुरतं, आणि रात्रीत बेटावरून गुपचूप किनाऱ्यावर. आणि रविवारी, सगळे चर्चमध्ये बसल्यावर—"

"तूही चर्चमध्ये होतास," गुंबेबाबा मिडिवोला म्हणाला. "माझ्या पुढच्या बाकावर होतास."

"तो होता," मी म्हणाले. "म्हणून तर म्हणते, ज्याचं फळ त्यानंच उकरलं. फळाला फावडं लागू नये म्हणून हातानं माती काढली. दुसऱ्याच्या फळाला इतकं कोण जपतं?"

कुणी काही बोलायच्या आत जाळ्यांच्या झोपडीचं दार करकरलं.

ओबुरा बाहेर आला. डोळे खोल गेलेले, ओठ पांढरे, अंगावर घोंगडी. आणि दोन्ही हातांत, छातीशी धरलेलं, कापडात गुंडाळलेलं ते फळ. इतकं जपून आणत होता की एका म्हातारीला वाटलं, खरंच मूल आहे.

"पुरू नका," तो म्हणाला. "पाया पडतो. पुन्हा पुरू नका."

७

मला वाटलं होतं, आकेयो त्याच्या अंगावर धावून जाईल. ती झाडावरून उतरली, कोयता खाली ठेवला, हात झटकले आणि त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"मी सगळ्यांशी भांडले," ती म्हणाली. "म्हणाले, माझा नवरा जिवंत आहे. एकटी म्हणाले. कुणी ऐकलं नाही."

"आकेयो, मी तुला पाठवणार होतो काहीतरी. कंपनी मला नोकरी..."

"वह्या दे."

त्यानं घोंगडीखालून पिशवी काढली. तीन वह्या होत्या, ओलसर झालेल्या. सिल्वानुस एक पाऊल पुढं आला. पेरेस म्हातारीनं आवाजाच्या रोखानं काठी आडवी धरली, आणि तो थांबला.

आकेयोनं वह्या माझ्याकडे दिल्या आणि ती गुंबेबाबाकडे वळली. "बाबा, बुधवारी मी विचारलं, मढं कुठंय. तुम्ही काय म्हणालात?"

म्हातारा घुटमळला. "म्हणालो... यागो पुरलं की माणूस मेला. वाद नाही."

"वाद नाही ना? जमिनीचा कागद अजून आजेसासऱ्यांच्या नावावर आहे. कुळ म्हणेल तेच खरं. मग कुळानं सांगावं. माझा नवरा मेला की जिवंत?"

"तो समोर उभा आहे की गं!" मिडिवो म्हणाला.

"तुम्ही गप्प बसा, भाऊजी. तुम्हीच पुरलंत त्याला. तुम्हीच सगळ्यांना जेवू घातलंत, तुम्हीच बैल कापलात. सगळं कुळ रडलं. ते रडणं खोटं होतं असं म्हणणार आहे का कुणी? म्हणा. उठून म्हणा."

कुणी उठलं नाही. उलट मागून एक बाई म्हणाली, "मी तर घसा बसेस्तोवर रडले. बाजाराची बोट चुकवून आले होते मी." आणि दुसरी म्हणाली, "मेल्यासारखाच वागलाय तो."

गुंबेबाबानं काठीवर हनुवटी टेकली. त्याला पेच पडला होता, आणि तो त्यानंच घातलेला होता. शेवटी तो उठला. "मी माझा शब्द गिळत नाही. ओबुरा पुरला गेला. मेलेल्याला घर नसतं, बायको नसते, आणि त्यानं झाड विकलं तरी ती विक्री नसते. घर आणि झाड त्याच्या विधवेचं. मिडिवोनं कुळाला फसवलं, बैल तो देईल."

"बाबा!" ओबुराला उभं राहवत नव्हतं. "फळ बाहेर काढलंय मी! हे बघा, माझ्या हातात आहे!"

"हो," आकेयो म्हणाली. "आण इकडं."

त्यानं ते घट्ट धरलं. तिनं त्याची बोटं एकेक करून सोडवली. रागानं नाही, झोपलेल्या माणसाच्या हातातून कंदील काढून घ्यावा तशी. मग फळ घेतलं, खड्ड्यापाशी गुडघ्यांवर बसली आणि खाली ठेवलं. हातांनी माती लोटायला लागली. आधी ती एकटीच होती. मग टपरीवाली आली, मग तीच घसा बसलेली बाई, मग पेरेस चाचपडत. पुरुष बघत राहिले. शेवटी गुंबेबाबानंही मूठभर माती टाकली.

मिडिवो चाचरत म्हणाला, "वहिनी, विधवेला कुळातल्या कुणीतरी पदरात घ्यावं लागतं, रीत आहे ती..."

"घेणार कोण? तुम्ही?" आकेयोनं मागं न बघता विचारलं. "मी अजून खड्डा बुजवतेय, भाऊजी. जवळ या ना."

मिडिवो चार पावलं मागं सरला.

मी ओबुराजवळ गेले. कपाळाला हात लावला, भट्टी होती नुसती. पिशवीतून मलेरियाच्या गोळ्या काढून त्याच्या मुठीत कोंबल्या. "तीन दिवस, जेवणानंतर. फळाबिळानं काही होत नाही, गाढवा. डासानं होतं." त्याला ते पटलं नाही. तो मातीकडेच बघत होता.

माती सपाट झाली. आणि मग आकेयोनं, जिनं इतके दिवस डोळ्यांतून टिपूस काढलं नव्हतं, दोन्ही हात डोक्यावर घेतले आणि टाहो फोडला. "ओबुरा! अरे, लग्नात माझ्या आईला घाबरून कुंपणामागं लपणारा माझा माणूस! पहिल्या पोरीच्या वेळी पुराच्या पाण्यातून मला होडीत घालून दवाखान्यात नेलंस! मी रात्र रात्र फळं कुटायचे आणि तू झोपेतून उठून मुसळ घ्यायचास माझ्या हातातून! कुठं गेलास रे? कुठं शोधू आता तुला?" ती नाटक करत नव्हती. बायकांनी सूर धरला, एकीनं, मग दहाजणींनी, आणि बघता बघता सगळं झाड रडण्यानं भरून गेलं.

ओबुरा कुंपणाशी घोंगडी लपेटून उभा होता आणि स्वतःचं सगळं ऐकत होता. त्याला कुणी बस म्हटलं नाही.